नारायण शेषाद्री आणि जालन्याचें बेथेल

एकोणिसाव्या शतकांतील महाराष्ट्राच्या इतिहासांत शेषाद्री हें नांव बहुतेक वाचकांच्या ओळखीचें असतें तें एकाच प्रकरणामुळें. बाळशास्त्री जांभेकरांच्या चरित्रांत श्रीपत शेषाद्री नांवाच्या एका ब्राह्मण मुलाची हकीकत हटकून येते. मिशनऱ्याच्या घरीं जाऊन राहिलेल्या ह्या मुलास न्यायालयानें बापाच्या हवालीं केलें, आणि पुढें त्यास प्रायश्चित्त देऊन ज्ञातींत परत घ्यावें म्हणून बाळशास्त्र्यांनीं आपली सारी प्रतिष्ठा पणास लाविली, ही हकीकत अनेकांनीं वाचलेली असते. परंतु ज्याच्या पाठोपाठ हा मुलगा त्या घरीं गेला, त्या थोरल्या भावाचें पुढें काय झालें, ही चौकशी सहसा कोणी करीत नाहीं. तो भाऊ म्हणजे नारायण शेषाद्री. मुंबईंतील त्या प्रकरणानंतर ते अठ्ठेचाळीस वर्षें जगले, आणि त्यांच्या आयुष्याचा उत्तरार्ध बहुतेक सारा निजामाच्या राज्यांत, जालन्याच्या आसपास, मांग लोकांच्या वस्त्यांत गेला.

एखाद्या मनुष्यानें स्वधर्म सोडला कीं आपल्या चरित्रकारांच्या लेखीं तो जणूं मृत होतो. उलटपक्षीं मिशनऱ्यांच्या वृत्तांतांत त्यास शोधावें, तर तेथें तो धर्मप्रसाराच्या यशाचा एक दाखला होऊन बसतो. दोन्हीकडे मनुष्य हरवतो तो हरवतोच. प्रस्तुत लेखांत कोणत्याहि धर्ममताचें मंडन अथवा खंडन करण्याचा हेतु नाहीं. एक शिक्षक, एका नव्या गांवाचा संस्थापक, आणि एका मंडळीचा कारभार वाहणारा पुरुष, ह्या नात्यानें नारायण शेषाद्रींकडे पाहावें, आणि त्यांच्या उद्योगापासून आपल्या समाजानें कोणता प्रश्न स्वतःस विचारावयास हवा होता तें शोधावें, एवढाच आमचा उद्देश आहे.

ज्या शाळेंत नारायण शिकले ती त्या वेळच्या मुंबईंतील एक नामांकित शाळा होती. स्कॉटलंडचे जॉन विल्सन हे १८२९ सालीं मुंबईस आले आणि १८३२ मध्यें त्यांनीं ती इंग्रजी शाळा काढली. पुढें ह्याच रोपट्याचें विल्सन कॉलेज झालें. त्यांचे सहकारी रॉबर्ट नेस्बिट हे त्यांच्याहि आधीं, १८२७ सालीं, आलेले. नेस्बिटसाहेबांचें मराठी इतकें शुद्ध होतें, कीं त्याची वाखाणणी एतद्देशीय लोकहि करीत. गणित, पाश्चात्य शास्त्रें आणि इंग्रजी वाङ्मय यांच्या बरोबरीनें ह्या शाळेंत बायबल शिकवीत, आणि तें कांहीं चोरून शिकवीत नसत. पालकांस हें ठाऊक होतें. इंग्रजी विद्येनें मुलास नोकरी लागेल आणि धर्मशिक्षण एका कानानें ऐकून तो दुसऱ्या कानानें सोडून देईल, असा त्यांचा हिशेब असे. आणि बहुतेक मुलांच्या बाबतींत तो खराहि ठरे.

हा हिशेब प्रथम चुकला तो १८३९ सालीं. धनजीभाई नवरोजी आणि होरमसजी पेस्तनजी ह्या दोन पारशी तरुणांनीं त्या वर्षीं बाप्तिस्मा घेतला, आणि मुंबईंत एकच हलकल्लोळ उडाला. प्रकरण कोर्टांत गेलें. शाळेंतून मुलें भराभर काढून नेण्यांत आलीं. शाळा ओस पडते कीं काय असें झालें. त्या धक्क्यांतून ती सांवरते न सांवरते तोंच १८४३ सालच्या मे महिन्यांत खुद्द स्कॉटलंडांत तेथील राष्ट्रीय चर्चमध्यें फूट पडून फ्री चर्च वेगळें निघालें. विल्सन, नेस्बिट वगैरे मंडळी नव्या पक्षास मिळाली, आणि त्यामुळें शाळेसाठीं बांधलेली नवी इमारत त्यांस जुन्या पक्षाकडे सोडावी लागली. घर गेलें, पैशाची शाश्वति राहिली नाहीं, अशा त्या वर्षाच्या सप्टेंबरांत नारायण शेषाद्री ह्या ब्राह्मण विद्यार्थ्यानें नेस्बिटसाहेबांच्या हातून बाप्तिस्मा घेतला. म्हणजे ऐहिक लाभाच्या दृष्टीनें पाहतां हें पाऊल टाकण्यास याहून वाईट मुहूर्त सांपडला नसता.

नारायण हे वयांत आलेले असल्यामुळें कायद्यानें त्यांस कोणी अडवूं शकत नव्हतें. परंतु त्यांचा धाकटा भाऊ श्रीपत, वय सुमारें बारा वर्षांचें, हाहि त्यांच्याबरोबर नेस्बिटसाहेबांच्या घरीं राहावयास गेला. त्याचा बाप्तिस्मा झालेला नव्हता; मात्र तो तेथें जेवला होता. बापानें सुप्रीम कोर्टांत दाद मागितली. सर अर्स्किन पेरी यांच्यापुढें प्रकरण चाललें. मुलाच्या मनांत काय आहे, ह्यापेक्षां त्याचें वय काय आहे, हा प्रश्न न्यायाधीशांनीं निर्णायक मानिला, आणि अज्ञान मुलावर बापाचा ताबा असला पाहिजे ह्या तत्त्वावर मुलास बापाच्या स्वाधीन केलें. एका इंग्रज न्यायाधीशानें मिशनऱ्यांच्या विरुद्ध आणि एका हिंदु पित्याच्या बाजूनें दिलेला हा निकाल मुंबईच्या लोकांस अर्थातच फार समाधानकारक वाटला.

हें समाधान अल्पकाळच टिकलें. कारण बापाच्या घरांत आलेला मुलगा ज्ञातीच्या घरांत कसा यावा, हा प्रश्न कोर्टाच्या अधिकारांतला नव्हता. परधर्मीयांचें अन्न त्याच्या पोटांत गेलें होतें. येथें बाळशास्त्री पुढें आले. 'दर्पण'कार म्हणून, एल्फिन्स्टन संस्थेंतील अध्यापक म्हणून, आणि स्वतः निष्ठावंत ब्राह्मण म्हणून त्यांच्या शब्दास वजन होतें. अज्ञान मुलाच्या हातून घडलेल्या दोषास शास्त्रांत प्रायश्चित्त आहे, तें देऊन त्यास शुद्ध करून घ्यावें, असा त्यांचा सरळ पक्ष होता. तथापि सनातनी मंडळींनीं ह्या गोष्टीस कडाडून विरोध केला. मुंबईच्या ब्राह्मणांत तट पडले; धर्मपीठाकडे दाद गेली; प्रायश्चित्ताची व्यवस्था होऊनहि पुष्कळांनीं तें मानिलें नाहीं; आणि मुलाच्या पंक्तीस बसावयाचें कीं नाहीं, याबरोबरच बाळशास्त्र्यांच्या पंक्तीस बसावयाचें कीं नाहीं, असाहि वाद सुरू झाला. बाळशास्त्री १८४६ सालीं, वयाच्या अवघ्या चौतिसाव्या वर्षीं वारले.

ह्या प्रकरणाचा अर्थ आपले लेखक बाळशास्त्र्यांच्या धैर्याच्या बाजूनें लावितात, आणि तें रास्तच आहे. परंतु तोच प्रसंग नारायणाच्या जागीं उभें राहून पाहावा. बारा वर्षांचा, बाप्तिस्मा न झालेला, कोर्टानें परत दिलेला, बापानें उराशीं धरलेला मुलगा. त्याच्यासाठीं प्रत्यक्ष जांभेकर रदबदली करणारे. आणि तरीहि दार पुरतें उघडत नाहीं. मग ज्यानें समजून उमजून बाप्तिस्मा घेतला, त्यास परतीचा विचार मनांत आणण्याससुद्धां जागा कोठें होती? धाकट्या भावाच्या अनुभवानें थोरल्याचा निश्चय पक्का केला असें म्हणण्यास आमच्यापाशीं पुरावा नाहीं. पण त्याच्या मागची वाट त्या अनुभवानें बंद केली, एवढें निःसंशय म्हणतां येईल.

१८४३ पासून १८५४ पर्यंतचीं अकरा वर्षें नारायण शेषाद्रींनीं मिशनच्या उमेदवारींत काढलीं. त्या काळचा धर्मोपदेशक म्हणजे प्रथम शिक्षक. वर्गांत मुलें शिकवावीं, बाजारांत उभें राहून वादविवाद करावा, हिवाळ्यांत खेड्यापाड्यांतून फिरावें, असा त्याचा क्रम असे. ह्याच मुदतींत, १८५० सालीं, धर्मांतर केल्यामुळें अथवा ज्ञातिबहिष्कृत झाल्यामुळें कोणाचाहि वारसाहक्क बुडूं नये असा कायदा इंग्रज सरकारनें केला, आणि त्यावर मोठें काहूर उठलें. १८५४ सालीं नारायण शेषाद्रींस पाळकाची दीक्षा मिळाली. पाळक म्हणजे मंडळीचा धार्मिक व व्यावहारिक कारभार पाहण्याचा ज्यास अधिकार, असा पुरुष. आणि हा अधिकार तोंवर बहुतांशीं गोऱ्या मनुष्याकडेच असे. बाबा पदमनजी यांचा बाप्तिस्माहि त्याच वर्षींचा, हा एक लक्षांत ठेवण्याजोगा योगायोग आहे. बाबांनीं पुढें लेखणी हातीं धरली आणि 'यमुनापर्यटन' लिहून मराठी वाङ्मयांत आपलें स्थान मिळविलें. नारायणरावांनीं वाङ्मयाचा मार्ग धरला नाहीं. त्यांचें लेखन, म्हणावयाचें तर, जमिनीवर झालें.

तें ज्या जमिनीवर झालें तिचें वर्णन येथें केलें पाहिजे. जालना हें कुंडलिका नदीच्या कांठचें जुनें व्यापारी शहर. कुंडलिका खालीं दुधनेस मिळते, आणि दुधना परतूर, सेलू यांच्या बाजूनें परभणीच्या मुलुखांत उतरून पूर्णेस मिळते. जालना आणि परभणी ह्या दोन नांवांमध्यें जिल्ह्याची रेघ असली तरी पाणी एक, माती एक, आणि गांवगाडाहि एकच. परतूर तालुका तर १९८१ सालीं जालना जिल्हा नवा होईपर्यंत परभणींतच मोडत असे. जालन्यास फौजेची छावणी होती, आणि म्हणून इंग्रजांच्या संबंधामुळें तेथें मिशनऱ्यांस पाय ठेवण्यास जागा होती. बाकी मुलूख निजामाचा. आगगाडी मनमाडाहून जालना व परभणी ओलांडून हैदराबादेकडे गेली ती १९०० च्या सुमारास. तेव्हां नारायणरावांच्या हयातींत तेथवरचा प्रवास बैलगाडीचा अथवा टांग्याचाच होता.

निजामशाहीचा कारभार १८५३ पासून सर सालारजंग यांच्या हातीं होता. त्यांनीं साऱ्याच्या वसुलीची मक्तेदारी मोडून १८६५ च्या सुमारास जिल्हाबंदी केली, आणि तींतून औरंगाबाद, परभणी वगैरे मराठी जिल्ह्यांची घडी बसली. मराठी प्रजेच्या प्राथमिक शिक्षणाकडे मात्र त्या राज्यांत लक्ष फार थोडें. दरबारची भाषा प्रथम फारशी आणि मग उर्दू. शाळा मोजक्या आणि त्याहि मोठ्या गांवीं. कुणब्याच्या मुलास जेथें अक्षर दुर्मिळ, तेथें मांगाच्या मुलाची गोष्ट काढावयास नकोच.

१८६० नंतरच्या दशकांत नारायण शेषाद्री जालन्यास स्थिर झाले. उच्चवर्णीयांस वादांत जिंकावें आणि त्यांच्या द्वारां धर्म खालच्या थरांत झिरपावा, अशी विल्सन प्रभृति मंडळींची मूळ अपेक्षा होती. मुंबईची शाळा ह्याच पायावर उभारलेली होती. नारायण शेषाद्री हे ह्या पद्धतीचें सर्वांत उत्तम फळ. परंतु जालन्याच्या भागांत त्यांचें ऐकावयास जे लोक आले ते ब्राह्मण नव्हते, वाणी नव्हते. ते बहुतांशीं मांग होते. शिक्षकाच्या आयुष्यांत असा प्रसंग येतो, कीं ज्यांच्यासाठीं त्यानें तयारी केली ते विद्यार्थी येत नाहींत आणि ज्यांची त्यानें कल्पनाहि केली नाहीं ते दाराशीं उभे राहतात. त्या वेळीं दार लावून घेणें सोपें असतें. नारायणरावांनीं तें लाविलें नाहीं, आणि येथेंच त्यांच्या चरित्राचें खरें मोल आहे.

मांगाची स्थिति कशी होती? तो गांवचा बलुतेदार. दोर वळणें, केरसुण्या बांधणें, लग्नकार्यांत वाजंत्री वाजविणें हीं त्याचीं कामें. आणि त्याबद्दल सुगीला खळ्यावर जें धान्य मिळेल तें त्याचें बलुतें. अस्पृश्यांतहि त्याची जागा खालची. महाराची व त्याची पंगत एक नव्हे. गांवांत चोरी झाली कीं पहिला संशय त्याच्यावर. त्याच्या मुलीनें लिहावयास शिकावें, तर त्यासाठीं पुण्यास ज्योतिराव फुल्यांची शाळा निघावी लागली. आणि त्या शाळेंतील मुक्ता साळवे ह्या मांग मुलीनें आपल्या लोकांच्या दुःखाविषयीं लिहिलेला निबंध १८५५ सालीं 'ज्ञानोदयां'त छापून आला. खुद्द ज्योतिराव पुण्याच्या स्कॉटिश मिशनच्या शाळेंत शिकलेले होते. एकाच प्रकारच्या शाळांतून निघालेले हे दोन पुरुष. एकानें हिंदु समाजांत राहून आणि दुसऱ्यानें तो सोडून, पण दोघांनीं एकाच वाड्याच्या दिशेनें पाऊल टाकलें.

मांग ख्रिस्ती झाला म्हणजे पहिली अडचण अन्नाची. बलुतें हें नुसतें वेतन नव्हे. तें गांवाशीं असलेल्या नात्याचें चिन्ह. देवीपुढें वाजविण्याचें काम सोडलें कीं बलुतें बंद; बलुतें बंद झालें कीं गांव बंद. शिवाय ज्या जागेवर त्याची झोंपडी, ती जागाहि त्याची नव्हे. अशा मनुष्यास आठवड्यांतून एकदां उपदेश करून निघून जाणें म्हणजे त्याच्या उपासमारीस निमंत्रण देणेंच होय. नारायण शेषाद्रींनीं हें ओळखलें, आणि थेट सालारजंगांकडे जमीन मागितली. एका मुसलमान संस्थानाच्या मुसलमान दिवाणानें, ब्राह्मण कुळांत जन्मलेल्या ख्रिस्ती पाळकास, मांगांच्या वसाहतीसाठीं जालन्याजवळ सवलतीनें जमीन दिली. आपल्या देशाच्या इतिहासांत असे प्रसंग विरळा नाहींत. आपण त्यांची नोंद मात्र विरळा ठेवितों.

त्या जमिनीवर जें गांव वसलें त्याचें नांव बेथेल. बायबलच्या जुन्या करारांत याकोब रानांत दगड उशास घेऊन निजला आणि जागा झाल्यावर त्या ठिकाणास त्यानें हें नांव दिलें, अशी कथा आहे. त्याचा अर्थ देवाचें घर. नांव परदेशीं असलें तरी गांव मराठी होतें. त्यांत शेती होती, विहीर होती, शाळा होती आणि प्रार्थनामंदिर होतें. ही यादी वाचकांस साधी वाटेल. परंतु मराठवाड्यांतील त्या वेळच्या कोणत्याहि खेड्याचा नकाशा डोळ्यांपुढें आणावा. ह्या चारहि गोष्टी अनेक गांवांत असत: शेती असे, विहीर असे, देऊळ असे, आणि नशीब असलें तर पंतोजीची शाळाहि असे, आणि चारहि ठिकाणीं मांगास मज्जाव असे. बेथेलमध्यें मांग त्या चारहींचा धनी झाला. धर्मांतराचें तत्त्वज्ञान बाजूस ठेवून पाहिलें तरी, स्वतःच्या विहिरीवर स्वतःची घागर भरणें ही गोष्ट मनुष्याच्या पाठीचा कणा सरळ करण्यास पुरेशी आहे. पुढें साठ-पासष्ट वर्षांनीं, १९२७ सालीं, महाडच्या चवदार तळ्यावर ह्याच पाण्याचा हक्क बजावण्यासाठीं डॉ. आंबेडकरांस सत्याग्रह करावा लागला, हें येथें आठवतें.

अशा वसाहतीचा कारभार चालविणें हें उपदेशापेक्षां कठीण काम असतें. वसाहतीचा संस्थापक म्हटला कीं तोच पाळक, तोच शाळेचा मुख्य, तोच पाटील आणि तोच सावकाराच्या दारीं जाऊं पाहणाऱ्या कुळाचा जामीन. भाऊबंदकीचे तंटे, नांगर-बैलांची वांटणी, सोयरिकींचे प्रश्न, आणि वर्षाखेरीस स्कॉटलंडकडे धाडावयाचा हिशेब, सर्व त्याच्याच अंगावर. ज्यांच्या अनेक पिढ्यांनीं कधीं स्वतःची जमीन कसली नाहीं, त्यांस कुळंबीक शिकविणें हें एक. आणि ज्यांच्या अनेक पिढ्यांनीं अक्षर पाहिलें नाहीं, त्यांच्या मुलांतून शिक्षक निर्माण करणें हें दुसरें. हीं दोन्ही कामें एकमेकांस धरून आहेत हें ज्यानें जाणलें, त्यास शिक्षक म्हणण्यास आम्हांस संकोच वाटत नाहीं.

१८७३ सालच्या ऑक्टोबरांत न्यूयॉर्क शहरीं प्रॉटेस्टंट ख्रिस्ती लोकांची एक मोठी जागतिक परिषद भरली. नारायण शेषाद्री तिला उपस्थित होते. डोक्यास पागोटें बांधलेला हा मराठी पाळक तेथील सभांत भाषणास उभा राहिला, तेव्हां अमेरिकेस आनंदीबाई जोशी पोंचावयास अजून दहा वर्षांचा आणि स्वामी विवेकानंद पोंचावयास वीस वर्षांचा अवकाश होता. अमेरिकेच्या श्रोत्यांनीं पाहिलेल्या पहिल्या कांहीं विद्वान हिंदी वक्त्यांत एक मनुष्य जालन्याचा होता, ही गोष्ट मराठवाड्याच्या फारच थोड्या लोकांस ठाऊक आहे. धर्म बदलला म्हणून पोशाख बदलावा, भाषा बदलावी, असें त्यांस वाटलें नाहीं, याचीहि नोंद घेतली पाहिजे. कारण त्या काळीं ख्रिस्ती होणें म्हणजे साहेब होणें अशी समजूत दोन्ही बाजूंस होती.

येथपर्यंत जें लिहिलें त्यावरून नारायण शेषाद्रींचें काम निर्दोष होतें असा वाचकांचा समज होऊं नये. त्यावर घेतां येण्याजोगे आक्षेप खरे आहेत आणि ते स्पष्टपणें मांडिले पाहिजेत. पहिला आक्षेप हेतूविषयीं. १८७६ ते १८७८ ह्या वर्षांत दख्खनवर मोठा दुष्काळ पडला. मिशनच्या दारीं धान्य मिळे. आणि अशा काळीं धर्मांतर करणारा मनुष्य श्रद्धेनें आला कीं भुकेनें, हें त्याचें त्यासहि सांगतां येणें कठीण. भुकेलेल्यास अन्न देणें हा धर्म. परंतु अन्नाच्या हातीं धर्म देणें हें अन्नाचेंहि अवमूल्यन आहे आणि धर्माचेंहि. दुसरा आक्षेप वेगळेपणाचा. बेथेल हें मांगास मिळालेलें नवें गांव. जुनें गांव होतें तसेंच राहिलें. तेथल्या विहिरीवरचा मज्जाव कांहीं बेथेलच्या विहिरीमुळें उठला नाहीं. उलट, ज्यानें तो मज्जाव मोडावयाचा तो मनुष्यच गांव सोडून गेला. तिसरा आक्षेप परावलंबनाचा. ज्या मंडळीचा पैसा समुद्रापलीकडून येतो, तिच्या स्वातंत्र्याची मर्यादाहि समुद्रापलीकडेच आंखली जाते. आणि चौथी गोष्ट अशी, कीं जातिभेद सोडून आलेल्या लोकांनीं तो पुरता सोडला होता असें नाहीं. महार ख्रिस्ती आणि मांग ख्रिस्ती यांचा रोटीबेटीचा प्रश्न मराठी मिशनांस दीर्घकाळ छळीत राहिला.

हे आक्षेप मान्य करूनहि एक गोष्ट शिल्लक उरते, आणि ती आपल्याविरुद्ध आहे. भुकेनें लोक तिकडे गेले असें आपण म्हणतों, तेव्हां त्यांची भूक कोणाच्या राज्यांत आणि कोणाच्या शेजारीं वाढली, हें आपण सांगत नाहीं. मांग वेगळ्या गांवीं गेला अशी तक्रार करितों, तेव्हां मूळ गांवांत त्याचा वाडा कोठें होता, हें आपण विसरतों. परक्या पैशावर शाळा चालली हें खरें. पण स्वकीयांचा पैसा त्या शाळेसाठीं कोठें उभा होता? विठ्ठल रामजी शिंदे यांनीं अस्पृश्यांच्या उन्नतीसाठीं आपलें मिशन १९०६ सालीं स्थापिलें; म्हणजे नारायण शेषाद्री जालन्यास गेल्यावर सुमारें चाळीस वर्षांनीं. मधल्या काळांत ज्योतिरावांसारखे अपवाद सोडले तर सुशिक्षित हिंदु समाजाचा ह्या प्रश्नावर उद्योग बहुशः निबंध वाचण्यापुरताच होता.

ह्याच ठिकाणीं १८४३ च्या त्या प्रकरणाची कडी जुळते. श्रीपताच्या वेळीं वाद झाला तो एका ब्राह्मण मुलास घरांत परत घ्यावें कीं नाहीं, ह्याविषयीं. त्या वादांत शास्त्राधार निघाले, धर्मपीठाचे निर्णय आले, पक्ष-प्रतिपक्ष झाले. परंतु ज्यास ह्या घरांत प्रथमपासूनच प्रवेश नव्हता, अशा मनुष्याविषयीं कोणी शास्त्रार्थ मागितला नाहीं, कोणी धर्मपीठाकडे गेलें नाहीं. घरांतून गेलेल्याबद्दल हळहळ होती. उंबऱ्याबाहेर जन्मलेल्याबद्दल तीहि नव्हती. नारायण शेषाद्रींनीं ज्या घराचें दार आपल्यामागें बंद झालेलें पाहिलें, त्याच घराच्या उंबऱ्याबाहेरच्या लोकांत ते जाऊन बसले. ब्राह्मण राहून त्यांस हें करतां आलें असतें काय? त्या काळचा अनुभव पाहतां, करतां आलें असतें असें छातीस हात लावून कोणी म्हणेल असें आम्हांस वाटत नाहीं. धर्मांतराच्या गुणदोषांपेक्षां हें उत्तर अधिक विचार करण्याजोगें आहे.

१८९१ सालीं, परदेशच्या प्रवासांत असतां, समुद्रावरच त्यांचें देहावसान झालें. ज्या मनुष्यानें दुसऱ्यांसाठीं जमीन मिळविली, त्यास स्वतःस शेवटीं जमीन लाभली नाहीं. त्यांच्यानंतर जालन्याचें काम थांबलें नाहीं. स्कॉटिश मिशनचें तेथें इस्पितळ झालें आणि त्यानें त्या सबंध टापूंतील रोग्यांची सेवा केली. फ्री चर्च स्वतः १९०० सालीं दुसऱ्या एका चर्चशीं एक झालें आणि १९२९ सालीं पुन्हां मूळ स्कॉटिश चर्चमध्यें बहुतांशीं मिळालें. म्हणजे ज्या फुटीच्या ऐन धामधुमींत नारायणांनीं बाप्तिस्मा घेतला, ती फूट सांधली गेली. इकडे हिंदुस्थानांतहि १९७० सालीं निरनिराळ्या प्रॉटेस्टंट मंडळ्यांचें मिळून उत्तर भारताचें एक चर्च झालें.

मराठवाड्याच्या शिक्षणाचा इतिहास लिहितांना आपण सामान्यतः हिप्परगें आणि अंबाजोगाई येथील राष्ट्रीय शाळांपासून, स्वामी रामानंद तीर्थांपासून आरंभ करितों. आणि दलितांच्या उच्च शिक्षणाचा आरंभ डॉ. आंबेडकरांनीं १९५० सालीं औरंगाबादेस काढलेल्या महाविद्यालयापासून धरितों. हे दोन्ही टप्पे मोठे आहेत आणि त्यांचें श्रेय कोणीहि हिरावून घेऊं शकणार नाहीं. परंतु त्यांच्याहि पूर्वीं, कुंडलिका-दुधनेच्या खोऱ्यांत, जालन्यापासून परभणीकडे उतरणाऱ्या त्या काळ्या मातीच्या पट्ट्यांत, एका मांगाच्या मुलानें पाटीवर प्रथम अक्षर गिरविलें तें बेथेलच्या शाळेसारख्या ठिकाणीं, हें त्या इतिहासाच्या पहिल्या पानावर आलें पाहिजे. तें पान आजवर मिशनच्या दप्तरांत राहिलें. आपल्या इतिहासांत त्यास जागा देण्यासाठीं नारायण शेषाद्रींचा धर्म स्वीकारावा लागत नाहीं; त्यांच्या शाळेंत बसलेला मुलगा आपला होता, एवढें मान्य केलें कीं पुरे.